मावशींच्या नाकानं जबलपूर

पनागरकडून मटारच्या गाड्या यायला लागल्या की जबलपूरचे रस्ते हिरवे होतात. हे काव्य म्हणून सांगत नाहीये, खरंच होतात. पोत्यांतून शेंगा गळतात, चाकांखाली चिरडतात, आणि चौकाचौकांत गायी ठाण मांडून बसतात. आज सकाळी बँकेत जाताना माझी स्कूटी अशाच एका गायीपुढं अडली. तिच्या तोंडात शेंगा, माझ्या तोंडात शिव्या. मागच्या हातगाडीवाल्यानं मला समजावलं, "दीदी, मटर का सीजन है. इसको भी तो खाने दो." खाऊ दे बाई, म्हटलं. तुझंच राज्य आहे.

गाय हलेपर्यंत मी एक लांब श्वास घेतला. पहिल्या शेंगा दिसल्या की दरवर्षी घेते. डोळे मिटून, भर रस्त्यात, लोक बघतायत की नाही याची पर्वा न करता. आला. कच्चा, ओलसर, किंचित गोड. वास आला म्हटल्यावर जीव भांड्यात पडला आणि मी हॉर्न वाजवायला मोकळी झाले.

कारण चार हिवाळ्यांपूर्वी मी बदली होऊन या गावात आले, तेव्हा मला कसलाच वास येत नव्हता.

आमच्या साताऱ्याच्या घरी माझं नाक प्रसिद्ध होतं. फाटकातून आत येता येता मी सांगायची, आज आमटीत कोकम जास्त पडलंय, किंवा शेजारच्यांचं दूध उतू गेलंय. आई म्हणायची, "हिला देवानं नाक तेवढं सवडीनं दिलंय, बाकीचं घाईघाईत उरकलंय." तर त्या साथीच्या दिवसांत घरातल्या सगळ्यांना ताप आला, सगळे बरे झाले, मीही झाले. नाक तेवढं झालं नाही. डॉक्टर म्हणाले, "येईल हो. काही जणांना आठवड्यात येतो, काही जणांना महिने लागतात." मी विचारलं, "आणि काही जणांना?" त्यावर त्यांनी मान खाली घालून औषध लिहायला घेतलं. त्यानंतर दोन महिन्यांनी बदलीचं पत्र आलं.

लोकांना वाटतं वास गेला म्हणजे मोगरा गेला, अत्तर गेलं. अहो, जेवण जातं! गोड कळतं, पण कशाचं गोड ते कळत नाही. खारट कळतं, तिखट तर जास्तच झोंबतं, पण वरणभात आणि दहीभात यांच्यात फरक फक्त ऊन आणि गार एवढाच उरतो. आणि माझी खरी भीती त्याहून मोठी होती. नवं गाव म्हणजे माझ्यासाठी आधी नाकानं कळायची गोष्ट. इथं मी वर्षानुवर्षं राहीन, हिंडेन, जेवेन, आणि हे गाव मला कधी भेटणारच नाही, असं वाटायचं. ही भीती मी कोणाला सांगितली नाही. जबलपुरात तर कोणालाच नाही. आल्या आल्या कीव करून घ्यायची माझी इच्छा नव्हती.

राहायला जागा मिळाली ती गोलबाजाराच्या मागं, सुमनमावशींच्या घरी, वरच्या मजल्यावर. मावशींचं घराणं नागपूरच्या भोसल्यांच्या चाकरीत इथं आलं आणि इथलंच झालं. मावशी शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेल्या, सत्तरीच्या, एकट्या राहणाऱ्या. पहिल्या दिवशी जिना चढून आल्या आणि म्हणाल्या, "चलो, वरती कोणी मराठी बोलणारं आलं. माझं नातू तर मराठी समजून घेते, पण जवाब हिंदीतच देऊन राहिलं." मी हसले. त्यांच्या हातात वाटीभर काहीतरी होतं. मी झाकण काढून म्हटलं, "वा, काय वास सुटलाय!" ते श्रीखंड होतं, आणि अगदी गार. मावशींनी माझ्याकडं जरा निरखून पाहिलं.

हातपाय गाळून बसायचा माझा स्वभाव नाही. चिडायचा आहे. त्या चिडीतच मी ठरवलं की नाक येत नाही तर न येवो, कान आहेत, हात आहेत, जीभ अर्धी का होईना आहे. दर रविवारी या गावातली एक गोष्ट खायची, आणि एक गोष्ट बघायची जी कोणीतरी हातानं करतं. बघू तरी वासाशिवाय गावाचं काय काय उरतं. खरं सांगायचं तर त्या हिवाळ्यात मला जगवलं ते या उत्सुकतेनं. नाहीतर रविवारी मी पांघरूण डोक्यावरून घेऊन पडून राहिले असते.

पहिला रविवार खोव्याच्या, म्हणजे आपल्या खव्याच्या, जिलबीचा. कमानिया गेटजवळ सकाळी गर्दीत उभी राहिले. आपली जिलबी कुरकुरीत, पिवळी, हलकी. ही काळपट तपकिरी, जाड, हातात घेतली तर वजन लागणारी. हलवाई कढईवर फडक्याची पुरचुंडी दाबत होता आणि त्याची नजर तुपाकडं नव्हतीच, कान तुपाकडं होता. मी विचारलं, "भैया, कसं कळतं झाली ते?" तो म्हणाला, "चुप हो जाती है." मी कान देऊन ऐकलं. कढईत सोडल्यावर जिलबी आधी मोठ्यानं चरचरते, मग बारीक, मग एकदम गप्प होते. गप्प झाली की उचलायची. माझ्या तोंडात ती आधी रवाळ आणि मग विरघळणारी, आणि गरम पाक असा की टाळू भाजली. चव? गोड. बस्स. पण जिलबी गप्प होते हे मला आयुष्यात पहिल्यांदा कळलं होतं, आणि तेवढ्यावर मी आठवडा काढला.

मग नर्मदेवरचा भेडाघाट. धबधब्याकडं जाणाऱ्या वाटेवर दोन्ही बाजूंना दुकानं, आणि दुकानांपुढं बसलेले कारागीर, भुवयांपर्यंत पांढरे. प्रवासी येतात, छोटं शिवलिंग नाहीतर बदाम घेतात, बदामात दोन नावं कोरून घेतात आणि जातात. मी त्यातल्या एका म्हाताऱ्यापुढं फतकल मारून बसले. त्याचं नाव हल्केभैया. मला खलबत्ता हवा होता. इतका सुंदर पांढरा दगड, त्यात वेलदोडा कुटायचा, असं माझं स्वप्न. हल्केभैयांनी माझ्याकडं पाहिलं, दगडाचा तुकडा उचलला आणि माझ्या नखानं त्याच्यावर रेघ मारून दाखवली. पांढरी पूड पडली.

"दीदी, ये देखने का पत्थर है, कूटने का नईं. मसाला कम खाओगी, भेड़ाघाट ज्यादा."

आजूबाजूचे हसले. मीही हसले, पण उठले नाही. ते काम कसं करतात ते बघत बसले. दगड निवडताना ते त्याच्यावर हातोडीच्या दांड्यानं टकटक करतात आणि कान लावतात. आत चीर असेल तर आवाज बसका येतो. घासून गुळगुळीत झाला की नाही हे डोळ्यांनी बघत नाहीत, गालावर फिरवून बघतात. "आँख धोखा दे देती है, गाल नईं देता," असं त्यांचं म्हणणं. त्यांनी एक तुकडा माझ्या हातात दिला. मी तो गालावर फिरवला. थंडगार, आणि एका ठिकाणी केसाएवढी खरखर. मी बोट ठेवून दाखवलं. हल्केभैयांनी तिथं बोट फिरवलं, मान हलवली आणि पुन्हा घासायला घेतलं. परीक्षेत पास झाल्याचा असा आनंद मला बँकेतल्या बढतीनंतर तेव्हाच झाला.

संक्रांत तोंडावर आली होती. मावशींकडं दरवर्षी हळदीकुंकू होतं आणि त्यांनी वाण काय लुटायचं ते माझ्यावर सोपवलं होतं. मी हल्केभैयांना कुंकवाचे करंडे सांगितले, पंचवीस. करंडा म्हणजे काय हे सांगता सांगता नाकी नऊ आले. शेवटी झाकणाची सिंदूरदानी म्हटल्यावर कळलं. त्यांनी विचारलं, "नाम क्या-क्या लिखना है?" म्हटलं, नाव नको. ते हिरमुसले. "बिना नाम का कौन लेता है, दीदी?" बिचाऱ्यांना वाटलं मी त्यांच्या अक्षरावर नाराज आहे.

आता सांगते ते मला अजून सांगवत नाही, पण सांगते.

हळदीकुंकवाला गुळाच्या पोळ्या मी करायच्या असं मावशींनी जाहीर करून टाकलं. म्हणाल्या, "तू साताऱ्याची आहेस, तर अस्सल करशील. आमची पोळी तर नागपूरहून येता येता अर्धी हिंदी होऊन गेली." झालं, मी फुशारले. गुळाच्या पोळीत सगळं नाकावर असतं. बेसन तेलावर भाजताना खमंग वास सुटला की उतरवायचं, तीळ भाजले की वासानं सांगतात. मी म्हटलं, जिलबी कानानं कळते तर बेसन डोळ्यांनी कळेल. रंगावर नजर ठेवली, घड्याळ लावलं, तीळ उड्या मारेपर्यंत थांबले. गूळ किसून मऊ केला. कणकेत मोहन घातलं. मावशींच्या ओट्यावर तेलाच्या दोन बरण्या असतात, एकसारख्या, स्टीलच्या. मावशी बोलावणी करायला बाहेर गेलेल्या, मी एक उचलली. थंडीच्या दिवसांत त्या स्वयंपाकघरात उजेड यथातथाच, पण मला शंकासुद्धा आली नाही. पोळ्या इतक्या सुरेख झाल्या! पातळ, काठापर्यंत गूळ, एकही फुटली नाही. मी स्वतःवरच खूश.

वीसेक बायका जमल्या. जुन्या मराठी घरांतल्या सासवा आणि त्यांच्या सुना, ज्या मराठीत सुरुवात करतात आणि दुसऱ्या वाक्याला हिंदीत घसरतात. करंडे बघून सगळ्या हरखल्या. एकीनं तर करंडा गालाला लावला, आणि मला हल्केभैयांची आठवण आली. मग पोळ्या वाढल्या. पहिला घास सगळ्यांनी घेतला आणि खोलीत एकदम शांतता पसरली. मला वाटलं, पोळीनं जिंकलं. एक आजीबाई सावकाश चावत म्हणाल्या, "वेगळंच लागून राहिलं काहीतरी. साताऱ्याकडं अशीच करतात का?" मी अभिमानानं म्हटलं, "हो, आमच्याकडं अशीच!" कोणी पान टाकलं नाही. एका सुनेनं अर्धी पोळी रुमालात बांधून घेतली, "घर जाके खाऊंगी" म्हणून. आणि मी मूर्ख, तिला आणखी दोन बांधून दिल्या.

सगळ्या गेल्यावर मावशी खुर्चीत बसल्या. म्हणाल्या, "बेटा, एक विचारू? तू पोळीत कडवं तेल काहून टाकलं?"

कडवं तेल म्हणजे मोहरीचं. भरताला आणि लोणच्याला लागतं म्हणून मावशी ते धूर येईपर्यंत तापवून, गार करून बरणीत भरून ठेवत. शेंगदाणा तेलाच्या शेजारी. ज्याला नाक आहे त्याची चूक होणं शक्यच नाही. मी बेसनही त्यातच भाजलं होतं.

मी उभी होते ती खाली बसले. वीस बायकांनी माझी अब्रू राखायला मोहरीच्या तेलातली गुळाची पोळी निमूट खाल्ली होती, आणि मी त्यांना साताऱ्याची रीत म्हणून सांगितलं होतं! लाज, राग, सगळं एकदम आलं. "मला वास येत नाही, मावशी. ऑगस्टपासून. कसलाच येत नाही. आणि तो परत येईल की नाही हे कोणाला माहीत नाही." एवढं बोलून मी ढसाढसा रडले. पाच महिन्यांत पहिल्यांदा.

मावशींनी रडू दिलं. पाठीवर हात वगैरे फिरवला नाही, त्या तशातल्या नाहीत. थोड्या वेळानं म्हणाल्या, "अच्छा. म्हणून तू गार श्रीखंडाला वास सुटला म्हणून राहिली होती. मला वाटलं, ही पोरगी लबाड आहे." आणि हसायला लागल्या. मला काय करावं कळेना. मग मीही हसले, नाक पुसत. त्या उठल्या, पोळ्यांचा डबा बंद केला आणि म्हणाल्या, "चलो. तुझं नाक येईन तवा येईन. तोवर माझं तर आहे ना."

मला वाटलं, बोलायची पद्धत आहे. पण गणिताच्या बाई त्या. दुसऱ्या दिवसापासून कामाला लागल्या.

सकाळी बँकेत निघाले की त्या जिन्याशी उभ्या. हातात कधी लवंग, कधी जिरं, कधी संत्र्याचं साल. डोळे बंद करायला लावून नाकाखाली धरायच्या. "सांग." म्हटलं, नाही. "ठीक आहे, उद्या." आणि रविवारी माझ्याबरोबर यायला लागल्या. मी बघायची, ऐकायची, हात लावायची, आणि मावशी हुंगून मला सांगायच्या. सुरुवातीला त्या अगदीच ढ होत्या. "चांगला वास आहे," एवढंच. मी चिडायची. चांगला म्हणजे कसा? गोड, आंबट, जड, हलका, कशासारखा? त्याही चिडायच्या. "आता वासाला काय सांगू बाप्पा! वास वासासारखा!" फुहाऱ्याच्या, म्हणजे कारंजाच्या चौकातल्या, बाजारात भर गर्दीत आमची यावरून भांडणं व्हायची. एकदा एका फुलवाल्यानं मध्यस्थी करून आम्हा दोघींना झेंडूचं एकेक फूल दिलं.

पण हळूहळू त्यांना जमायला लागलं. आम्ही पुन्हा त्या जिलबीपाशी गेलो. मावशींनी डोळे मिटले, बराच वेळ उभ्या राहिल्या, मागची माणसं "अम्माजी, आगे बढ़ो" म्हणून ओरडायला लागली, तरी हलेनात. मग म्हणाल्या, "दूध आटून आटून करपायच्या एक घडी आधी कसं येते? तसं. आणि त्याच्या मागून आंबूस, मैद्याचं. तूप सगळ्यात वरती." मी जिलबीचा तुकडा तोंडात टाकला. सांगते, शपथेवर सांगते, त्या दिवशी ती मला नुसती गोड लागली नाही. वास नाहीच आला, पण कुठं असायला हवा होता ती जागा कळली.

गोहलपुरात एका गल्लीत लोखंडाचे झारे करणारा कारागीर बसतो. त्याच्याकडं आम्ही एक अख्खी सकाळ काढली. तो पत्र्याच्या गोल चकतीवर छिन्नी ठेवतो, एक घाव घालतो, एक भोक. मोजत नाही, मापत नाही, डावा अंगठा सरकवत जातो. अंगठा हेच त्याचं माप. झालं की झारा आभाळाकडं धरून बघतो, सगळ्या भोकांतून उजेड सारखा आला पाहिजे. तळणाऱ्याच्या हातातली वस्तू कोणीतरी असं आभाळाकडं बघून करतं हे मला ठाऊकच नव्हतं. मी झारा हातात घेऊन त्याच्या कडा चाचपत होते, तोवर मावशींचं चालूच, "लोखंड तापलं की नाकात खारट लागते. दात पडल्यावर तोंडात लागायचं ना, लहानपणी, तसं." मग म्हणाल्या, "अपर्णा, मी इथंच जन्मली. सत्तर वर्षं झाली. पण हे गाव मी कधी हुंगलंच नव्हतं गं." मला त्याचं फार बरं वाटलं. तोवर मला वाटायचं की त्या माझ्यावर उपकार करतायत.

त्या दिवसांत मटार नुसता वाहत होता. मावशींच्या अंगणात रोज शेंगांचा ढीग पडायचा. मटारच्या करंज्या, मटारची कचोरी, मटारचा पुलाव, आणि वर्षभरासाठी सोलून डब्यांत भरायचा तो वेगळा. सोलताना मावशी सांगायच्या, मी ऐकायची. कोवळ्या शेंगेचा कसा, जून शेंगेचा कसा, चिरडलेल्या दाण्याचा कसा. या वयात मी एका बाईच्या तोंडून मटार शिकत होते. जानेवारी सरला, फेब्रुवारी आला. सकाळची लवंग चालू होती. "सांग." "नाही." "ठीक आहे, उद्या." मी तोवर मनातून आशा सोडत आणली होती. मावशींजवळ मला तसं म्हणवत नव्हतं एवढंच.

फेब्रुवारीच्या शेवटाला एका दुपारी मावशींनी गक्कड-भरत्याचा घाट घातला. अंगणात गोवऱ्यांचा विस्तव, त्यात कणकेचे गोळे भाजायला टाकलेले, आणि बाजूला वांगी. मावशी निखारे सारत होत्या आणि सांगत होत्या, "आता वांग्याचं साल जळून राहिलं. आता आतला रस सुटला." मी वाकून गक्कड उलटत होते. आणि मला एकदम मळमळलं. काहीतरी घाण, आंबट, कुजकट, नाकातून थेट डोक्यात.

"ई! कसला घाण वास येतोय!"

मावशी ओशाळल्या. "अवो, ते तिकडं सालटं पडून राहिलीत ना कोपऱ्यात. गवळी चार दिवसांपासून आला नाही गाईसाठी न्यायला. पार सडून गेली. मी सांगणारच होती त्याला..."

आणि त्यांच्या हातातला चिमटा खाली पडला.

आम्ही दोघी कोपऱ्याकडं धावलो. मटारच्या सालटांचा हा ढीग, खालून काळा पडलेला, वर चिलटं. मी त्याच्यावर वाकून पोटभर श्वास घेतला. मळमळत होतं आणि मी परत परत घेत होते. मावशी ओरडत होत्या, "अगं ओकशील!" आणि स्वतःच डोळ्यांना पदर लावत होत्या. जगातल्या कुठल्याही अत्तरानं माझं इतकं भलं केलेलं नाही.

जरा शांत झाल्यावर माझ्या लक्षात आलं. "मावशी, हा ढीग चार दिवस इथं आहे. तुम्ही मला हा वास सांगितला नाहीत!"

"घरची घाण कोण सांगते, बेटा?"

"आणि बाजारातली? त्या फुहाऱ्यामागच्या नालीचा?"

"नाही सांगितला."

"गावातल्या तलावाचा?"

मावशी पदर सारखा करत म्हणाल्या, "तू आधीच रडून राहिली होती. म्हटलं, चांगलं चांगलं सांगावं."

म्हणजे दीड महिना मी ज्या गावात हिंडत होते ते फक्त तूप, वेलदोडा आणि झेंडूचं गाव होतं! मी कपाळाला हात लावला. मग मार्च-एप्रिलमध्ये सगळं गाव पुन्हा पालथं घातलं, या वेळी स्वतःच्या नाकानं, नाल्यांसकट. जिलबीचा वास मावशींनी सांगितला होता तस्साच निघाला. लोखंडाचा मात्र मला खारट नाही, तुरट लागला, आणि यावर आमचं अजून एकमत नाही. सगळं काही परत आलं नाही. कॉफी मला अजूनही जळक्या रबरासारखी येते. असू दे.

दोन वर्षांपूर्वी परत साताऱ्याकडं बदली मिळत होती. मी इथलीच मुदत वाढवून मागितली. आईनं फोनवर एवढंच विचारलं, "काय आहे गं त्या गावात?" मी जिलबी सांगितली, भेडाघाट सांगितला, मावशी सांगितल्या. ती हं हं करत राहिली. तिचा राग मला कळत होता आणि काय सांगावं ते कळत नव्हतं. अजून तिनं तो विषय पुन्हा काढलेला नाही, आणि तिचं न काढणं मला टोचत राहतं.

परवा सकाळी धाकटी बहीण वैशू साताऱ्याहून आली. आई-बाबांजवळ तीच राहते. दारात चप्पल काढली, शाल खुर्चीवर टाकली आणि नाकपुड्या फुलवत म्हणाली, "ताई, तुझ्या घरात कसला गं वास येतो?"

"कसला?"

"वाईट नाही गं. मोहरीचं तेल, धूर, आणि काहीतरी हिरवं, आंबूस. दारातून आत पाऊल टाकल्याबरोबर आला."

मी हुंगलं. काही नाही. पुन्हा हुंगलं, जोरात. काहीच नाही. ताप नाही, सर्दी नाही, कालपर्यंत सगळं ठीक, आणि आता परत? समोर हाताला लागली ती वस्तू उचलून मी नाकाशी दाबली. ती वैशूची शाल होती.

शेंगदाण्याचं तेल. विझलेला कापूर. बाबांच्या पुस्तकांचं कपाट, पावसाळ्यात फुगणारं. आणि आईच्या बोटांना कायम असणारा लसूण. सगळं एकत्र, एकच वास.

"वैशू, आपल्या घराचा वास येतोय हिला!"

तिनं शाल घेतली, हुंगली, माझ्याकडं वेड्यासारखं पाहिलं. "कसला वास? मला तर काही येत नाही."

चाळीस वर्षं मी त्या घरात राहिले. तिथली आमटी हुंगली, दूध हुंगलं, शेजारच्यांची फोडणीसुद्धा हुंगली. पण त्या घरालाच वास आहे, हे मला कधी कळलं नव्हतं. आत राहणाऱ्याला तो येत नाही, पाहुण्याला येतो. मी शाल मांडीवर घेऊन खाली बसले आणि मला रडू फुटलं. वैशू घाबरली. तिला वाटलं, नाक परत गेलं.

"नाही गं," म्हटलं. "नाक ठिकाणावर आहे."

मग मी तिला सांगितलं की जाताना ही शाल इथं ठेव.

"आणि मी गाडीत कुडकुडत जाऊ?"

मी कपाटाजवळच्या खुंटीवरची माझी शाल काढून तिच्या अंगावर टाकली. तिनं टोक नाकाशी नेलं आणि म्हणाली, "बाई गं, हिला तर अगदीच येतो!"

"मग घरी पोचलीस की ही तशीच आईच्या हातात दे," मी म्हटलं. "धुवायच्या आधी. म्हणावं, काय आहे त्या गावात विचारत होतीस ना? हुंग."